नोरा आधी ऐकायची

मी आर्मी डॉग युनिटमध्ये हँडलर होतो. हवालदार म्हणून निवृत्त झालो. गाव माण तालुक्यातलं, पण बायकोची नोकरी अंधेरीला, म्हणून फौजेत असतानाच विरार पश्चिमेला चौथ्या मजल्यावर घर घेतलं होतं. बिल्डिंगमधली मुलं मला फौजीकाका म्हणतात. मोठी माणसं भेटली की एकच विचारतात, कुत्र्याला तुम्ही काय काय शिकवलंत?

त्याचं उत्तर लवकर संपतं. वास घ्यायला, सापडलं की खाली बसायला, हुकूम होईपर्यंत न हलायला. तिने मला काय शिकवलं, ते सांगायला जास्त वेळ लागतो.

ती म्हणजे नोरा. काळी लॅब्रेडॉर, एक्स्प्लोझिव्ह डिटेक्शनची, म्हणजे स्फोटकं हुंगून शोधणारी. आमची पोस्टिंग काश्मीरमध्ये होती, एका डोंगरी रस्त्यावर. काम रोज तेच. उजाडायच्या आधी उठायचं. नोराला ब्रश करायचा, पंजे तपासायचे, पट्टा चढवायचा. मग आमची रोड ओपनिंग पार्टी निघायची. कॉन्व्हॉय, म्हणजे लष्करी गाड्यांचा ताफा, सुटण्याआधी रस्ता सुरक्षित आहे की नाही हे बघणं हे या पार्टीचं काम. सगळ्यांच्या पुढे नोरा, लांब दोरीच्या टोकाला मी, आणि माझ्या मागे रायफल घेऊन माझा असिस्टंट हँडलर, लान्स नायक दिनेश. तो हिमाचलचा. उंच, कमी बोलणारा. नोराला खाणं काम संपल्यावरच मिळायचं, आणि ते भरवायचा दिनेश. त्यामुळे माझ्या हुकमावर ती काम करायची, पण शेपूट हलवायची त्याच्यासाठी.

त्या सकाळी पाऊस नुकताच थांबला होता. दोन दिवस सारखा पडत होता. रस्त्याखालून पाणी जायला दगडी मोऱ्या असतात, आम्ही त्यांना पुलिया म्हणायचो. स्फोटकं लपवायला ती सोयीची जागा, त्यामुळे प्रत्येक पुलिया बघावीच लागते. पाचव्या पुलियाच्या आत दगडांचा एक ढीग दिसला. आदल्या दिवशी तो नव्हता.

मी रेडिओवर कळवलं. "पुलिया पाँच. अंदर जा रहा हूँ. ओव्हर."

"पाँच, रॉजर. ध्यान से."

दिनेश तोंडाशी उभा राहिला. "उस्ताद, जल्दी आना. इसका नाश्ता ठंडा हो जाएगा," तो म्हणाला.

मी वाकून आत शिरलो, नोरा पुढे. तिने ढीग हुंगला आणि पुढे गेली. काही नव्हतं, पाण्याने वाहून आणलेले दगड होते. मी वळतो तोच आवाज झाला. वरून ट्रक रिकामा करावा तसा. पुलियाची दोन्ही तोंडं एकदम काळी झाली. डोंगर घसरून रस्त्यावर आला होता.

मी दिनेशला हाक मारली. उत्तर नाही. रेडिओवर नुसती खरखर. टॉर्च लावला तर दोन्ही बाजूंना चिखल आणि दगड, आणि डोंगराकडच्या बाजूने पाणी झिरपत आत येत होतं. पायाशी होतं ते हळूहळू घोट्याच्या वर चढायला लागलं.

मी ओरडलो. बुटांनी लाथा मारल्या. नखांनी माती उकरली. नोरानेही माझ्याबरोबर थोडा वेळ उकरलं, मग ती थांबली. माझ्याकडे बघितलं. तो दगडांचा ढीग होता ना, त्यावर जाऊन बसली, कारण तेवढीच जागा कोरडी होती. मी ओरडतच राहिलो. छातीत हवा पुरेना तेव्हा मी तिच्याशेजारी जाऊन टेकलो. ती माझ्या मांडीवर आली. तिचं अंग ओलं होतं, पण आतून गरम. पोट सावकाश वरखाली होत होतं. माझं भात्यासारखं चाललं होतं. दुसरं करण्यासारखं काही नव्हतं म्हणून मी तिच्या श्वासाबरोबर श्वास घ्यायला लागलो. ती घेईल तेव्हा घ्यायचा, सोडेल तेव्हा सोडायचा. टॉर्च बंद केला.

किती वेळ गेला ते सांगता येत नाही. पाणी पोटरीला लागलं होतं. मग तिचे कान उभे राहिले. मला काही ऐकू येत नव्हतं. ती उठली आणि एका बाजूला तोंड करून भुंकली. नोरा भुंकणारी कुत्री नव्हती. मी दगड घेऊन त्याच बाजूला ठोकायला लागलो. बऱ्याच वेळाने फावड्याचा आवाज मला ऐकू आला.

आम्हाला बाहेर काढलं. सगळे मला धरून जीपकडे नेत होते. नोराने दोरी सोडवून घेतली. ढासळलेल्या मातीवर चढली, दोनदा गोल फिरली आणि एका जागी खाली बसली. तिच्या भाषेत बसणं म्हणजे सापडलं.

तिथे खणलं. दिनेश तिथेच होता.

सुभेदारसाहेब नंतर म्हणाले, त्याच्या अंगावर भरलेली मॅगझिन्स होती, दारूगोळ्याचा वास आला असेल तिला. असेलही.

पुढे बरेच दिवस नोरा सकाळी उठली की आधी दिनेशच्या कॉटपाशी जायची. कॉटवर दुसरा जवान आला होता. ती हुंगायची, क्षणभर उभी राहायची, मग माझ्यापाशी येऊन पट्टा चढवायला मान पुढे करायची. रस्त्यावर उतरली की तिचं सगळं लक्ष कामात. पुलियात ती पहिल्यासारखीच शिरायची. मला शिरता येईना. मी तोंडाशी उभा राहून दोरी सोडत जायचो. माणूस आठवतो म्हणून काम थांबवायचं नाही, आणि काम आहे म्हणून त्याच्या कॉटकडे पाठ फिरवायची नाही. ती हे रोज करत होती. मला त्यातलं एकही जमत नव्हतं.

नोरा माझ्याआधी निवृत्त झाली. मी निघालो तेव्हा तिला घरी नेण्यासाठी अर्ज केला. मंजूर झाला आणि आम्ही दोघं विरारला आलो.

इथे आल्यावर कळलं की पुलिया माझ्याबरोबर आली आहे. मी बाथरूमचं दार लावू शकत नव्हतो. सिनेमाला गेलो तर कडेची खुर्ची लागायची. लिफ्ट तर लांबच. चार मजले जिन्याने चढायचो. शेजाऱ्यांना वाटायचं, फौजी आहे, व्यायाम करतोय. बायकोला, शुभांगीला, खरं माहीत होतं. माझ्याबरोबर जिना चढायची, ऑफिसातून दमून आलेली असली तरी.

मग नोराचे मागचे पाय अधू झाले. लॅब्रेडॉरांचं हे म्हातारपणचं दुखणं. तिला जिना चढवेना, आणि तिला उचलून चार मजले नेणं माझ्या गुडघ्यांना झेपेना. लिफ्ट घ्यावीच लागली. दार बंद झालं की मी नोराच्या पाठीवर हात ठेवायचो आणि चौथा मजला येईपर्यंत नजर तिच्यावरून हलवायचो नाही.

तिसऱ्या मजल्यावर राऊत मॅडम राहतात. बँकेतून निवृत्त झालेल्या, माहेर जवळच नंदाखालला. लहानपणी त्यांना कुत्रा चावला होता, तेव्हापासून कुत्रं दिसलं की त्या भिंतीला चिकटतात. आम्ही लिफ्टमध्ये असलो की त्या थांबायच्या. "तुम्ही जा, मी मागाहून येते." सोसायटीच्या मीटिंगमध्ये त्या उघड म्हणाल्या होत्या की कुत्र्याला लिफ्टमध्ये घेऊ नये. त्यात त्यांचं फार काही चुकलं असं मला वाटत नाही.

जानेवारीतली दुपार होती. मी नोराला फिरवून आणलं. राऊत मॅडम लिफ्टमध्ये आधीच होत्या, हातात भाजीच्या दोन पिशव्या. मी बाहेरच थांबलो. पण नोराला उभं राहवत नव्हतं, तिचे मागचे पाय थरथरत होते. मॅडमनी ते बघितलं.

"या," त्या म्हणाल्या. "पण तिला तिकडच्या कोपऱ्यात ठेवा."

दुसरा मजला गेला आणि लाइट गेली. लिफ्ट धक्का देऊन थांबली. वरचा छोटा दिवा जरा वेळ जळला, मग तोही विझला. एरवी लगेच जनरेटर सुरू होतो, त्या दिवशी झाला नाही.

मला वाटलं होतं, मी सांभाळून घेईन. मी दारावर दोन्ही हातांनी मारायला लागलो. फटीत बोटं घालून दार ओढायचा प्रयत्न केला. ओरडत होतो. काय ओरडत होतो ते मॅडमनी नंतर सांगितलं. दिनेशला हाका मारत होतो.

वरून वॉचमनचा आवाज आला. "काका, घबराओ मत! लिफ्टवाल्याला फोन केलाय. नालासोपाऱ्याहून निघालाय."

"किती वेळ?" मॅडमनी विचारलं.

"ट्रॅफिक आहे, मॅडम."

मी पुन्हा दारावर मारलं. तेवढ्यात माझ्या पायाशी काहीतरी सरकलं. नोरा लादीवर आडवी झाली होती, पाय पसरून, हनुवटी माझ्या चपलेवर. मी खाली बसलो. तिच्या पोटावर हात ठेवला. घेईल तेव्हा घ्यायचा, सोडेल तेव्हा सोडायचा.

तेव्हा कुठे मला मॅडमचा श्वास ऐकू आला. शिटीसारखा आवाज येत होता.

"मॅडम, काय होतंय?"

"दमा आहे मला. पंप घरी राहिला. खाली भाजी आणायला म्हणून..." वाक्य पुरं झालं नाही.

"खाली बसा."

"ती चावेल."

"नाही चावणार. बसा. पाठ टेका."

मी मोबाइलचा दिवा लावला आणि नोराच्या कुशीवर धरला. "इथे बघा. दुसरीकडे बघू नका. पोट वर आलं की श्वास घ्या. खाली गेलं की सोडा. घाई नाही करायची."

त्यांनी मान हलवली. पहिले काही श्वास अर्ध्यातच तुटले. मग जमायला लागलं. आम्ही तिघं एका लयीत आलो. शिटी थांबली नाही, पण कमी झाली. एकदा मॅडमचा पाय सरकून नोराच्या पाठीला लागला. त्यांनी तो काढून घेतला नाही.

"तुम्हाला हे कुणी शिकवलं?" त्यांनी हळू विचारलं.

"हिने."

मी त्यांना पुलियाचं सांगितलं. अंधार, पाणी, मांडीवर नोरा. बाहेर उभ्या असलेल्या माणसाचं सांगितलं नाही. शुभांगी सोडून मी ते कुणालाच सांगितलेलं नव्हतं.

"तिला भीती वाटली नसेल?" मॅडम म्हणाल्या.

"वाटली असणार. पण ऐकायचं असलं की ती गप्प राहायची. मी ओरडत राहिलो असतो तर फावड्याचा आवाज ऐकूच आला नसता."

नोराचे कान उभे राहिले.

"आले," मी म्हणालो.

"कोण? मला तर काही..."

"थांबा जरा."

मग जिन्यावर पावलं वाजली आणि किल्ल्यांचा आवाज आला. दार उघडलं तेव्हा तिसऱ्या मजल्याची लादी माझ्या छातीएवढी उंच होती. आधी मॅडमना वर घेतलं. मी नोराला उचलून वर दिली, तर तिचे पुढचे पाय मॅडमनीच धरले. डोळे मिटून, पण धरले. त्यांच्या सुनेने पंप आणला. मी सगळ्यात शेवटी बाहेर आलो आणि जिन्याच्या पायरीवर बसून राहिलो.

दुसऱ्या दिवशी मॅडमनी आमच्यासाठी लिफ्टचं दार धरून ठेवलं. नोरा आत गेली आणि त्यांच्या पायाशी बसली, जसं काही आधी कधी त्यांनी तिला टाळलंच नव्हतं. कालचा राग आजच्या सकाळपर्यंत घेऊन येणं तिला येतच नव्हतं.

पावसाळा संपता संपता नोरा गेली. सकाळी खाणं तसंच राहिलं, दुपारी शुभांगीच्या मांडीवर डोकं ठेवून झोपली ती उठली नाही. फ्लॅटमध्ये राहणाऱ्या माणसाला पुरायला जागा कुठून मिळणार? मी फोन घेऊन बसलो होतो, कुणाला करायचा ते सुचत नव्हतं. बेल वाजली. राऊत मॅडम होत्या, शुभांगीने त्यांना कळवलं होतं.

"माझ्या भावाची वाडी आहे नंदाखालला," त्या म्हणाल्या. "मी बोलले त्याच्याशी. चला."

त्यांच्या भावाने केळीच्या बागेच्या कडेला, माडाखाली खड्डा खणून ठेवला होता. "हय पानी साचत नाय," तो म्हणाला. "चांगली जागा हाय." मी नोराला चादरीत गुंडाळून खाली ठेवलं. माती लोटली. सावधान उभा राहिलो आणि सॅल्यूट केला. मग तोंडातून दोन नावं निघाली. आर्मी डॉग नोरा. लान्स नायक दिनेश.

मॅडमनी विचारलं, "दिनेश कोण? त्या दिवशी लिफ्टमध्येही तुम्ही त्याला हाक मारत होतात."

मी वाडीच्या बांधावर बसलो आणि सांगितलं. शुभांगीशिवाय दुसऱ्या कुणाला पहिल्यांदाच सगळं सांगितलं. तो पुलियाच्या तोंडाशी उभा होता हे, शेवटी तो नाश्त्याबद्दल बोलला हे, आणि नोरा मातीवर जाऊन बसली ते. मॅडमचा भाऊ खोऱ्यावर हात टेकून ऐकत होता. शुभांगी दुसरीकडे बघत होती.

"कसा होता तो?" मॅडम म्हणाल्या.

हे मला कुणी विचारलं नव्हतं. मी आठवून सांगायला लागलो. त्याला मिशी येत नव्हती आणि त्याचा त्याला राग होता. पत्र लिहायला कंटाळायचा, आईला फोनवर फक्त "ठीक हूँ" म्हणायचा. त्याने समुद्र पाहिला नव्हता. डोंगरातला पोरगा, त्याला खरंच वाटायचं नाही की पाणी रोज मागे जातं आणि पुन्हा येतं. मी त्याला म्हणालो होतो, सुट्टीत विरारला ये, माझ्या घराजवळच अर्नाळा आहे, दाखवतो. पुढच्या सुट्टीत तो येणार होता.

परतताना मी रिक्षा अर्नाळ्याकडे घ्यायला सांगितली. ओहोटी होती. आम्ही तिघं वाळूवर बसलो आणि पाणी परत येईपर्यंत उठलो नाही.