शेळीचा डोळा

मी जळगावच्या शाळेत सायन्स शिकवायचो. भुताखेतांच्या गोष्टी पोरांनी काढल्या की हसून उडवायचो. तेव्हा हे वाचून तुम्ही हसलात तरी माझी तक्रार नाही...

दुसरं महायुद्ध सुरू होण्याच्या आदल्या उन्हाळ्यात, सुट्टीत मी धुळ्याला विनायककडे गेलो होतो. विनायक माझा कॉलेजातला मित्र. पांझरा नदीच्या काठी थोरल्या बहिणीसोबत, अक्कांसोबत, राहायचा. मुंबईहून हाताने फिरवायचा कॅमेरा आणि फिल्म दाखवायचं यंत्र आणलं होतं त्याने. गाण्यांचे सिनेमे त्याला नको होते. माणसाच्या नजरेला जे दिसत नाही ते पकडायचं, एवढाच ध्यास.

त्याने खाटकाकडून शेळीचा एक डोळा आणला, काचेवर ठेवला आणि दर पाव तासाला एक फ्रेम, असे चार दिवस चित्रण केलं. दिवा मी धरायचो. दुसऱ्या दिवशी माश्या, तिसऱ्या दिवशी अळ्या... डोळा पिवळट पाण्यात बसला होता. मी दोनदा मोरीत जाऊन ओकलो. विनायक मात्र तिथेच बसून भाकरी खायचा.

फिल्म तयार झाल्यावर भरदुपारी खिडक्यांना गोणपाट लावून त्याने ती भिंतीवर दाखवली. आम्ही तिघंच. भिंतभर तो डोळा — अळ्या वळवळतायत, कडा गळतायत. अक्का उठून दाराकडे गेल्या.

आणि डोळ्याची ती आडवी बाहुली त्यांच्यामागे वळली.

मला भास वाटला. विनायकने रीळ पुन्हा लावलं. या वेळी मी मुद्दाम उठून उलट्या बाजूला, कोपऱ्यात गेलो. बाहुली माझ्याकडे वळली. वळताना तिच्या कडेची एक अळी खाली पडली. पहिल्या वेळी ती पडली नव्हती.

अक्का दारातूनच हळू म्हणाल्या, "विनायक, हाई जाळी टाक. हाई मरेल नई शे." जाळून टाक, हे मेलेलं नाही, असं त्या अहिराणीत सांगत होत्या.

विनायकला नुसता आनंद झाला होता. तिसऱ्यांदा रीळ लावून तो स्वतः भिंतीसमोर इकडून तिकडे फिरला, हात हलवले. मग माझ्याजवळ येऊन म्हणाला, "मास्तर, आता माणसाचा डोळा पाहिजे. जळगावच्या दवाखान्यात तुझी ओळख आहे ना?"

त्या अळ्यांची आली नव्हती एवढी किळस मला त्याच्या चेहऱ्याची आली.

तो जेवायला बसला तेव्हा मी फिल्म उजेडात धरून एकेक फ्रेम पाहिली. सगळ्यांत बाहुली सरळ समोर, मेलेली, जागची न हललेली. मग अक्कांनी आणि मी मिळून निगेटिव्हसकट सगळं अंगणात पेटवलं. भपकन जळून गेलं. विनायक पुढे माझ्याशी कधी बोलला नाही.

फिल्मवर नसलेली हालचाल भिंतीवर कुठून आली, याचं उत्तर मला आजवर मिळालेलं नाही. आणि आणखी एक... विनायक भिंतीसमोर एवढा फिरला, हात हलवले, अगदी जवळ गेला. त्याच्याकडे मात्र ती बाहुली एकदाही वळली नाही, जणू तिथे जिवंत कुणी नव्हतंच.