खुमेंद्रचा उजवा हात

कुडव्यातल्या त्या घरात भर मे महिन्यातही बर्फ पडायचा, पण तो फक्त रुचिला दिसायचा. बाहेर रस्त्याचं डांबर पातळ होत असे, खिडकीत कूलर घरघरत असे, आणि ती संगणकासमोर बसून अमेरिकेतल्या दवाखान्यांचे कागद वाचत असे. डॉक्टरनं लिहिलेल्या दुखण्याला विम्याच्या यादीतला नेमका कोड, म्हणजे ठरलेला क्रमांक, लावायचा, हे तिचं काम. बीएस्सीनंतर नागपूरला जाऊन ती हे शिकली आणि घरबसल्या नोकरीला लागली. तिची आई रामबाई शेजारणींना सांगायची, पोरगी दिवसभर परदेशातल्या लोकायचे दुखणे लिहून राहते.

सध्या तिच्याकडे गेल्या हिवाळ्यातले हिमदंशाचे कागद येत होते. थंडीनं गोठलेले हात. उजव्याचा कोड वेगळा, डाव्याचा वेगळा. वरवरची कातडी गोठली तर एक, आतलं मांस मेलं तर दुसरा. माणसाचं नावगाव तिच्यापर्यंत पोचत नसे. नुसते हात यायचे. दुपारी डोळा लागला की ते पांढऱ्या मैदानावर थव्यानं उतरताना दिसायचे, हळूहळू, आवाज न करता, आणि त्यातला एकही कुणाचा नसायचा. खरा बर्फ तिनं फ्रीजमधलाच पाहिला होता. एकदा कसं वाटतं ते बघायला ती बर्फाच्या खणात हात घालून उभी राहिली, तर रामबाईनं पाठीत धपाटा घातला.

तिचा धाकटा भाऊ खुमेंद्र फौजेत होता, जिथं उन्हाळाही पांढराच असतो अशा डोंगरात. बरेच दिवस त्याचा फोन नव्हता. मग एका दुपारी व्हिडिओ कॉल आला. जरा थंडी लागली होती, म्हणून दवाखान्यात ठेवलं आहे, असं त्यानं हसत सांगितलं. रामबाईनं फोन डोळ्यांजवळ नेला आणि हात दाखव म्हणाली. त्यानं एक हात वर केला, तळवा समोर धरून. तो खाली गेला, ब्लँकेटमध्ये काहीतरी हललं, आणि दुसरा वर आला, नखांच्या बाजूनं. दोन्ही धड. रामबाईचा जीव भांड्यात पडला. किती वाळला म्हणून ती त्याला रागावली आणि कुकरची शिट्टी झाली तशी आत गेली.

रुचि जागची हलली नाही. अंगठा आधी एका बाजूला होता, मग दुसऱ्या. पण आधी तळवा होता आणि मग नखं. दुसरा हात नखांच्या बाजूनं धरला असता तर अंगठा पहिल्याच बाजूला आला असता. म्हणजे हात तोच होता, डावा, उलटा केलेला. रोज डावं-उजवं निवडणाऱ्या डोळ्यांना ते आपोआप दिसलं, आणि त्या मैदानावरच्या एका हाताला एकदम चेहरा आला.

"दोनदा डावाच दाखवला तू," ती हळू आवाजात म्हणाली.

"मायले नोको सांगू, दीदी."

"उजवा दाखव."

पट्ट्यांचा एक पांढरा गोळा वर आला. आत काय आहे ते दिसत नव्हतं, आणि जे लिहिलेलं नाही ते धरून चालायचं नाही, हे तर तिच्या कामात पहिल्या दिवशीच शिकवतात. तिनं विचारलं, फोड पाण्याचे की रक्ताचे? पाण्याचे म्हणजे वरवरचं, रक्ताचे म्हणजे आतवर गेलेलं. पाण्याचे, तो म्हणाला. मग म्हणाला, दोन बोटांवर रक्ताचे. डॉक्टर म्हणतात, बोटं राहतील की जातील ते इतक्यात सांगता येणार नाही. रुचिच्या मनात दोन्ही कोड शेजारी शेजारी येऊन उभे राहिले. त्यातला एकही तिला लावावासा वाटेना.

"त्या दोन बोटायले काही समजते का? मुंग्या, आग?"

खुमेंद्र खाली बघू लागला.

"लय दुखते," चोरी सापडल्यासारखा तो म्हणाला. "आधी लाकूड होतं नुसतं. कालपासून पट्टी बदलतात तर वरडतो मी. बाजूच्या पलंगावरचे हासतात. फौजी माणूस, लाज वाटते."

"मेलेलं दुखत नाही, येड्या," रुचि म्हणाली. "दुखू दे. वरड तू."

भरवसा देण्याइतकं हे नव्हतं, तिला ठाऊक होतं. तरी डोळे वाहायला लागले ते थांबेनात. रामबाई दारात येऊन उभी राहिली. काऊन रडून राहिली, तिनं विचारलं.

रुचिनं फोन तिच्या हातात दिला. "उजवा हात दुखून राहिला त्याचा, माय. दोन बोटं लय दुखतात."

पोराचा हात दुखतो, हे पोरगी पेढा हातावर ठेवावा तसं का सांगते आहे, ते रामबाईला काही केल्या समजेना.