पुसलेल्या फितींबद्दल

दोन सोमवार आणि एक गुरुवार, एवढ्या अवधीत दूरचित्रवाणीवरील एका जुन्या भयमालिकेच्या सर्व फिती पुसून त्यांवर शेतीचे कार्यक्रम मुद्रित करण्यात आले. जबाबदार तिघे: फिती मागणारे निर्माते, देणारे भांडारप्रमुख आणि मंजुरीची सही करणारे केंद्रसंचालक.

काल त्या मालिकेच्या चाहत्यांचा मेळावा झाला. चित्रण उरलेले नसल्यामुळे प्रत्येकाने एकेक भाग पाठ ठेवावा आणि उभे राहून सांगावा, अशी तिथली रीत आहे. विहिरीवरच्या हडळीचा प्रसंग सांगताना एका बाईंनी डाव्या हाताने केस मागे सारले.

"अहो, ती उजव्या हाताने सारायची!" मागून एक गृहस्थ ओरडले.

"काका, तुम्ही भीतीने डोळे मिटायचात, तुम्हाला काय दिसणार!"

हशा ओसरल्यावर सर्वांनी माझ्याकडे पाहिले, कारण ती हडळ माझी दिवंगत पत्नी होती. मला आठवेना. भुताच्या गोष्टीत गेलेले माणूस निदान पुन्हा दिसते. तेवढाही आधार माझ्याकडून काढून घेण्यात आला आहे.

पुसण्यापूर्वी त्या तिघांपैकी कोणी ती फीत एकदा तरी लावली होती काय? लावली असल्यास, शेवटचे काय दिसले ते त्याने जाहीरपणे सांगावे.