सालीच्या पुडीवरचं नाव

आमच्या घरी दगडफूल म्हणजे मसाल्याच्या डब्यातली वस्तू. कॉलेजच्या अभ्यासासाठी मी झाडाच्या सालीवरचं दगडफूल गोळा करतेय म्हटल्यावर आई म्हणाली, "मग जरा जास्तच आण, चटणीला होईल." तिला समजावता समजावता माझ्या नाकी नऊ आले. माझं दगडफूल चटणीत घालण्याजोगं नव्हतंच. ते सालीला चुन्याचा हात दिल्यासारखं चिकटून बसतं आणि नखानं खरवडलं तर नुसती पूड हाती लागते. आंब्याच्या, फणसाच्या खोडावर पांढरट डाग दिसतात, त्यांवर बारीक काळ्या वाकड्यातिकड्या रेघा असतात, कचेरीतल्या जुन्या कागदावरच्या मोडी अक्षरांसारख्या. खेड्यातली माणसं म्हणायची, झाडाला कोड उठलंय. आमच्या सरांनी त्याचं नाव ग्राफिस असं सांगितलं, आणि मी त्या रेघांच्या नादी लागले ती लागलेच.

स्वातंत्र्य मिळून तीन-चार वर्षं झाली होती. कोल्हापुरात आमच्या वर्गात वनस्पतिशास्त्राला दोनच मुली, मी आणि माझी मैत्रीण. तिची मावशी गारगोटीला राहायची, म्हणून तर घरून परवानगी मिळायची. सुट्टी लागली की एस.टी.नं तिथं जायचं आणि दिवसभर आमरायांतून हिंडायचं. पटाशी आणि हातोडी माझ्याकडे. साल बेतानं काढावी लागते. पटाशी खोल गेली तर झाड दुखावतं, वरवर चालवली तर डागाचा भुगा होतो. मैत्रिणीला झाडावरच्या तांबड्या मुंग्यांची भीती, त्यामुळं ती बांधावर उभी राहून मालकांशी बोलायची. ते काम तिनंच करावं.

"साल काढून काय करता बाई? वाळंल की आंबा माझा."

"न्हाय वाळत मामा. पापुद्रा हाय नुसता."

संध्याकाळी मावशीच्या पडवीत बसून आम्ही वाण्यासारख्या पुड्या बांधायचो. प्रत्येक पुडीवर चिठ्ठी. झाड कुठलं, डाग किती उंचीवर, ऊन की सावली, तारीख आणि गोळा करणाऱ्याचं नाव. सरांचा नियम असा की ज्यानं डाग शोधून काढला त्याचंच नाव लिहायचं. पावसाळी हवेत शाई फुटते म्हणून मी पेन्सिल वापरायची, तीही दाबून. दीडशेच्या आसपास पुड्या झाल्या आणि त्यांतल्या दहा-बारा सोडल्या तर सगळ्यांवर माझं नाव होतं.

त्यांतलीच एक पुडी विहिरीवरच्या आंब्याची. जात ओळखायला सरांनी तिच्यातल्या डागावर पोटॅशचा थेंब टाकला. एरवी आमचे बहुतेक नमुने थेंबानं पिवळे पडून मग तांबडे व्हायचे, हा जसाच्या तसा राहिला. पुस्तकातल्या कुठल्याच वर्णनाशी तो जुळेना. सर म्हणाले, "हा परदेशी तज्ज्ञाकडे पाठवायला हवा. नवा निघाला तर पुडीवरचं नाव छापून येईल." मी साळसूदपणे मान हलवली, पण मला ते छापून यायला हवं होतं. अगदी हावरटासारखं हवं होतं.

बी.एस्सी.ची परीक्षा झाली आणि माझं लग्न ठरलं. लग्नात यांनी ताटातल्या तांदळांवर अंगठीनं माझं नवं नाव लिहिलं. मैत्रीण शेजारीच बसली होती, तिनंच ते सगळ्यांना मोठ्यानं वाचून दाखवलं. सासर राजारामपुरीत, कॉलेजपासून फार लांब नव्हे. तरी सासूबाईंना सून पटाशी घेऊन हिंडलेली चालणार नव्हती. पुड्यांची ट्रंक मी मैत्रिणीकडे दिली. ती पुढं शिकणार होती. "काळजी करू नको, मी हाय की," ती म्हणाली. मी तिच्यावर डोळे झाकून भरवसा टाकला.

दीड वर्षानं कॉलेजात प्रदर्शन भरलं. मी हौसेनं यांना घेऊन गेले. सरांची तोवर बदली झाली होती. मधल्या टेबलावर विहिरीवरच्या आंब्याची पुडी उघडून ठेवली होती आणि शेजारी तज्ज्ञाचं पत्र, नमुना नवा असल्याचं सांगणारं. पत्रात नाव मैत्रिणीचं. पुडीवरच्या चिठ्ठीवरही शाईनं तिचंच. मी चिठ्ठी उचलून उजेडाकडे तिरकी धरली. शाईखाली माझ्या पेन्सिलीचे चर जसेच्या तसे होते, फक्त शिसं खोडलेलं. हे म्हणाले, "हुशार हाय गं तुझी मैत्रीण."

दुसऱ्या दिवशी मी तिच्या घरी गेले. वाटलं होतं, ती रडेल, निदान खाली तरी बघेल. तिनं चहा टाकला.

"अगं, तुझं ते नाव आता हाय कुठं? तांदळावर नवं लिहिलं तवाच ते गेलं की. आणि नवं लिहावं तर साल काढली तवा त्या नावाची बाई न्हवती. मग काय कोरं सोडू?"

"मला विचारायचं होतंस."

"विचारायलाच आलते. तू माहेरी गेलतीस. तुझ्या मालकांना विचारलं. ते म्हणाले, खोडा खुशाल."

चहा तसाच ठेवून मी घरी आले. हे वर्तमानपत्र वाचत होते. मी विचारल्यावर यांनी पान उलटलं, माझ्याकडे बघितलंही नाही.

"व्हय, आलती ती. म्हटलं, लग्न झालेल्या बाईचं माहेरचं नाव चारचौघांत कशाला? माझं आडनाव असतं तर गोष्ट वेगळी."

"मग काल टेबलापाशी का बोलला नाहीत?"

"तू इतकं मनाला लावून घेशील असं वाटलं न्हाय. एवढ्याशा सालीचं काय ते."

मैत्रिणीशी मी त्या दिवसापासून बोलणं टाकलं. ते सोपं गेलं, तिची गल्लीच वेगळी होती. यांची मात्र जेवायची वेळ झाली होती. मी उठून पान मांडलं, भाकरी वाढली, आणि यांनी नव्या नावानं हाक मारून मीठ मागितलं तेव्हा ओ दिली.