उजवीकडून वाचायची वही

दर्शूचं खरं नाव प्रियदर्शिनी. जालन्याच्या आजीने मोठ्या हौसेने ठेवलेलं. पण कोपरखैरण्यात एवढं लांबलचक नाव पुरतं उच्चारायला कुणाला सवड नव्हती. वय बारा, इयत्ता सातवी, आणि अंगकाठी अशी की पाठीवर दप्तर घेतलं की मागून नुसतं दप्तरच चालताना दिसावं.

या पोरीचा दिवस साडेपाचला सुरू व्हायचा. पाणी भरणं, कणीक, भाजी, सहा वर्षांच्या सुगतची अंघोळ, त्याचा डबा, आईचा चहा, आईने न प्यायलेला चहा मोरीत ओतणं, आणि साडेअकराला धाकट्याचा हात धरून दुपारची शाळा. शाळेच्या डायरीत पालकांची सहीही तीच करायची. वर्गाच्या बाई एकदा म्हणाल्या, "तुझ्या आईचं अक्षर बघ किती वळणदार! जरा शीक तिच्याकडून." दर्शूने मान डोलावली. कौतुक आपलंच, आणि बोलणीही आपल्यालाच.

तिची आई दीक्षा पूर्वी अशी नव्हती. तुर्भ्याच्या कंपनीत पॅकिंगला जायची, येताना जिन्यातूनच मोठ्याने हाका मारायची. मागच्या पावसाळ्यात तिला तिसरं बाळ झालं आणि तिसऱ्या दिवशी गेलं. सगळे म्हणाले, होतं असं, दोन आहेत ना. आईही तसंच म्हणाली. मग हळूहळू तिने बोलणं कमी केलं, मग जेवणं, मग केस विंचरणं. दिवाळीनंतर ती भिंतीकडे तोंड करून जी बसली ती बसलीच.

बाप वाईट नव्हता. वाईट बाप निदान ओळखता तरी येतो. अंकुश बंदरातून कंटेनर घेऊन उत्तरेकडे जाणारा ट्रेलर चालवायचा; एकदा गेला की पंधरा-पंधरा दिवस घराचं तोंड दिसायचं नाही. बायकोला काय झालंय हे त्याला कळत नव्हतं आणि कळून घ्यायची भीतीही वाटत होती. भूतबाधा, अंगात येणं त्याच्या घरात कुणी मानत नव्हतं, त्यामुळे मांत्रिक नाही. आणि डोक्याच्या डॉक्टरकडे नेलं तर लोक काय म्हणतील, म्हणून डॉक्टरही नाही. मधल्यामध्ये बारा वर्षांची पोर होती.

जानेवारीत ट्रेलरवर निघताना त्याने तिला दाराआड घेतलं. "घरातलं घरात ऱ्हायला पायजे, दर्शू. नात्यातल्यांना कळलं तर चघळत बसतेत. घरमालकिनीला कळलं तर खोली जाईल. बाहेर एक शब्द बोलायचा न्हाई. आईची शप्पथ घे."

दर्शूने गळ्याला चिमूट लावून शपथ घेतली. आईची शपथ म्हणजे काय, हे वर्गातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. मोडली की आई मरते.

तेव्हापासून बापाचा फोन आला की ती म्हणायची, "सगळं ठीक आहे, पप्पा." तोही लगेच म्हणायचा, "शाब्बास." दोघांनाही पुढचं ऐकायचं नसायचं.

दर्शूला एकच चैन होती. कोपऱ्यावरच्या रद्दीच्या दुकानात ऐरोलीच्या मोठ्या फ्लॅटांतून आलेली पुस्तकं पडलेली असत, आणि रद्दीवाला श्यामसुंदर तिला पोत्यावर बसून वाचू द्यायचा. तिथे तिला एक जपानी चित्रकथा सापडली होती. मुलं अशा पुस्तकांना मांगा म्हणतात. त्यातली मुलगी तिच्याच एवढी. बाप दारू पिणारा, आई खोलीचं दार लावून बसलेली, आणि ती मुलगी भावाचे डबे भरते, वीज कापायला आलेल्या माणसाशी मोठ्या बाईसारखं बोलते. इंग्रजी सगळं कळायचं नाही, पण चित्रं कळायची. इतकी कळायची की पहिल्यांदा वाचताना दर्शूने दोनदा मागे वळून पाहिलं होतं, आपल्याला कुणी चोरून बघत होतं की काय.

गंमत म्हणजे ते पुस्तक उलटं होतं. जपानी रीतच तशी. आपण ज्याला शेवटचं पान म्हणू तिथे गोष्ट सुरू होते, चौकटीसुद्धा उजवीकडून डावीकडे वाचायच्या. आपल्या सवयीने उघडलं की पहिल्याच पानावर दटावणी छापलेली, थांबा, तुम्ही चुकीच्या बाजूने आलात.

तो पहिला भाग होता. मुलगी घराचा जिना चढते आहे, वर दार अर्धं उघडं आहे, आणि संपला. पुढचा भाग रद्दीत आलाच नाही. दर्शू दर आठवड्याला विचारायची. श्यामसुंदर म्हणायचा, "आला की ठेवतो बाजूला, टेन्शन नको घेऊ." पण दर्शूला टेन्शन होतंच, कारण जिन्याच्या वर काय असतं हे तिला फेब्रुवारीत कळलं होतं.

त्या दिवशी शाळा लवकर सुटली. घरात आई नव्हती. त्यांची खोली सिडकोच्या जुन्या बैठ्या घरावर चढवलेल्या दुसऱ्या मजल्यावर, आणि त्याच्यावर गच्ची. दर्शू वर गेली तर आई कठड्यापाशी, सिमेंटच्या ठोकळ्यावर अनवाणी उभी. खाली गल्लीत बघत होती. वाकून, अगदी शांतपणे, विहिरीत पाणी किती आहे ते पाहावं तशी.

दर्शूच्या तोंडून काहीतरी जायला हवं होतं, ते गेलं. "आई, भूक लागली."

आई ठोकळ्यावरून उतरली आणि मुकाट्याने खाली आली. भात मात्र दर्शूनेच लावला.

संध्याकाळी ती तळमजल्यावर घरमालकिणीकडे गेली. भागीरथी आजी तिथल्याच गावठाणातली आगरी बाई. सासऱ्यांची भातशेती होती तिथे आज एका टॉवरचं पार्किंग आहे, आणि ते आजी येणाऱ्या-जाणाऱ्याला एकदा तरी ऐकवायचीच. तोंडाने फटकळ, हाताने सढळ. दर्शूने तिला थाप मारली, सुगत वर टाकीवर चढतो, पडेल एखाद दिवशी. आजीने सुगतच्या नावाने चार शिव्या हासडल्या आणि सुनेला वर पाठवून गच्चीला कुलूप घातलं. सुगत बिचारा न केलेल्या गुन्ह्यासाठी आठवडाभर बोलणी खात राहिला.

पण मार्च उजाडला आणि पापडांचे दिवस आले. गच्ची उघडणार, दिवसभर उघडी राहणार, आणि दर्शू दुपारभर शाळेत. आजीला सांगायलाच हवं होतं, आणि एक शब्दही सांगायचा नव्हता.

तेव्हा तिला सुचलं. शपथ शब्दाची होती, चित्राची नव्हती.

चित्रकलेच्या वहीत तिने चार दिवस खपून चौदा पानं काढली. एकही अक्षर नाही. तिला ठाऊक होती त्याच रीतीने, मागच्या बाजूने सुरुवात करून. पहिल्या चित्रात आई तिची वेणी घालते आहे आणि दोघी हसताहेत. मग आईचं मोठं पोट. मग रिकामा पाळणा. मग भिंतीकडे तोंड केलेली आई, आणि पानागणिक तिच्या चेहऱ्यावरचं एकेक पुसत गेलेलं, आधी तोंड, मग डोळे. न शिवलेलं ताट. चुलीशी दर्शू. आणि शेवटच्या पानावर गच्ची, ठोकळा, अनवाणी पाय. तो दुसरा भागच होता म्हणा ना, रद्दीत न आलेला.

शनिवारी तिने वही आजीपुढे धरली. आजी म्हणाली, "ठेव गो बाय. चष्मा लावून बघीन."

रविवारी आजीने वही परत केली तेव्हा तिचे डोळे ओले होते. तिने दर्शूच्या गालावरून हात फिरवला. "सगला बघितला मी. एवरीशी पोर तू, किती सोसलास गो! आता काय घोर लावून घेव नको. मी हाय ना."

ती रात्र दर्शू मेल्यासारखी झोपली. आजीला कळलं होतं. शपथही मोडली नव्हती. आपल्या हुशारीचं तिला स्वतःलाच कौतुक वाटलं, आणि ते वाटण्याचा तिला हक्कही होता.

सोमवारी सुगतचा हात धरून ती खाली उतरली. आजी ओट्यावर पापड लाटत बसली होती. पोळपाटावरून नजर न काढता तिने हाक दिली. "जाव जाव, शालंत बिनघोर जाव. तुजे आयसला आताच चावी दिली मी गच्चीची. म्हटला, पापडांवर लक्ष ठेव, जरा वारा खा. चितरात बघितला ना मी, गच्चीवर गेली तवापासून कशी सुधारत गेली! आधी तिला ना डोला, ना तोंड. आनि शेवटाला कशी हसतंय, तुजी येनी घालतंय!"

दर्शूच्या हातातून सुगतचा हात सुटला.

आजीने वही उघडली होती तशी आपण सगळेच उघडतो. शेवट आधी पाहिला आणि सुरुवात शेवटी. गच्चीवरच्या वाऱ्याने आई हळूहळू माणसांत परत आली, असं तिने वाचलं, आणि मन भरून आलं म्हणून किल्ली दिली.

बोललं तर आई मरणार. नाही बोललं तर आई मरणार. बारा वर्षांच्या पोरीला असं कोड्यात घालणाऱ्या मोठ्या माणसांना काय म्हणावं? मला तरी छापता येईल असा शब्द सुचत नाही.

"आजी, ती वही उलटीय," ती म्हणाली. आवाज तिचा तिलाच ओळखू आला नाही. "तुम्ही पहिलं बघितलं ते शेवटचं आहे. आई बरी नाही झाली. आई उडी मारणार आहे."

लाटणं ओट्यावरून गडगडत खाली गेलं. दर्शू तोवर जिन्यात होती.

गच्चीचं दार अर्धं उघडं होतं. आत आईच्या चपला, एकीशेजारी एक, नीट लावून ठेवलेल्या. गच्चीभर आजीच्या सुनेने सकाळीच जुन्या साड्या अंथरून त्यांवर पापड वाळत घातले होते, आणि त्यांच्या मधून आई पलीकडे कठड्यापर्यंत गेली होती. एकाही पापडावर पाय न देता. ठोकळ्यावर उभी होती.

"आई, भूक लागली."

आई वळली नाही.

"आई, खूप भूक लागली."

आईचा एक हात कठड्यावरून उचलला गेला. दर्शूला पुढे धावायचं होतं आणि धावलं तर आई दचकेल म्हणून पायही उचलवत नव्हता.

मागून धापा ऐकू आल्या. गुडघ्यांपायी भागीरथी आजी दोन वर्षांत गच्चीवर चढली नव्हती. दाराची चौकट धरून तिने एकदा श्वास घेतला आणि रोजच्या फटकळ आवाजात ओरडली, "दीक्षे! पापड करपलं गो सगलं! उलथवाचं कोनी? माजे गुरघं वाकत नाय. ये बघू इकडं!"

कामाला बोलावलं की हातांना सवयीने कळतं. आईने मान वळवून पापडांकडे पाहिलं. तेवढ्यात आजी निघाली होती, सरळ रेषेत, दोन दिवसांची मेहनत चराचरा तुडवत. तिने आईच्या कमरेला मिठी घातली आणि तिला ठोकळ्यावरून खाली ओढलं. दोघी पापडांच्या चुऱ्यात बसल्या. आजीच थरथर कापत होती, आई नव्हती.

मग आजीने सूत्रं हातात घेतली. आईला आपल्या घरात खाटेवर निजवलं. अंकुशला फोन लावला आणि गावठाणातल्या ठेवणीतल्या शब्दांनी त्याची आरती केली. "गारी जिथं हाय तिथं लाव नि ये! बायको तुजी, नि राखन करतंय पोर!" सकाळी डॉक्टरकडे न्यायचं ठरवून टाकलं. पुतण्याला, कुंदनला, रिक्षा घेऊन ये म्हणून बजावलं.

दर्शू मात्र खाटेशी बसली ती हलेना. आईच्या पोटावर नजर लावून बसली होती, श्वासाने वरखाली होतंय की नाही ते बघत. आजीने पेज पुढे केली, घेतली नाही.

"आता काय हाय गो? वाचली ना तुजी आयस."

"शपथ मोडली मी," दर्शू म्हणाली. "आईची शपथ घेतली होती पप्पांपुढे. मी बोलले. आता आई मरणार."

आजीने पेजेची वाटी खाली ठेवली. तेवढ्यात खाटेवरून आवाज आला, गंजलेल्या कडीसारखा. कितीतरी दिवसांनी.

"कुणाची शपथ?"

"तुझी, आई."

दीक्षाने हळूच डोळे उघडले. पोरीच्या तोंडाकडे, मग तिच्या हातांवरच्या तव्याच्या डागांकडे बघत राहिली. ते डाग तिने पहिल्यांदाच पाहिले असावेत.

"माझी शपथ," ती म्हणाली, "आणि मलाच न विचारता?"

"सुटली म्हण ना, आई. तू म्हटलंस की सुटते."

ते म्हणायला दीक्षाला फार वेळ लागला. ओठ दोनदा हलले आणि थांबले.

"सुटली."

तेव्हा दर्शू रडली. सुगतसारखी, भोकाड पसरून, नाक पुसायचंही भान न ठेवता. आजीने तिला मांडीवर ओढून घेतलं.

या गोष्टीला आता तीन महिने झाले. औषधं चालू आहेत. डॉक्टर म्हणाले, वेळ लागेल, मध्येच पुन्हा खालीही घसरेल, एकटं सोडू नका. अंकुशने ट्रेलर सोडून बंदरातच काम धरलंय, तो रात्री घरी असतो. परवा आईने दर्शूची वेणी घातली, अर्धी, मग दमली. गच्चीची किल्ली भागीरथी आजीच्या कमरेला असते आणि ती कुणालाही देत नाही, स्वतःच्या सुनेलाही नाही.

दर्शूला हे सगळं ठाऊक आहे. तरी शाळेला निघताना ती रोज आधी एक जिना वर चढते, गच्चीचं कुलूप दोनदा ओढून बघते, आणि मगच सुगतचा हात धरून खाली उतरते.