ही मेंढरं कुणाची?

मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी बा वैजापूरकडून आमच्या शहरातल्या, पुंडलिकनगरच्या घरी आला, तेव्हा माझी चौथी ऐतिहासिक कादंबरी नुकतीच पुरी झाली होती. नजर अधू झाली म्हणून त्यानं आदल्या वर्षी मेंढरांचा कळप विकलेला. तेव्हापासून फारसा बोलतच नव्हता. शाळेचं तोंड न पाहिलेला माणूस, माझं एकही पुस्तक त्यानं वाचलेलं नाही. डोळ्याला पट्टी, टीव्ही बंद, मग म्हटलं, चला, वाचून दाखवू.

निजामशाहीच्या पडत्या काळातली गोष्ट. किल्ल्यातून पत्र घेऊन एक जासूद घोड्यावरून निसटतो, मागं शत्रूचे स्वार. एक धनगरीण भर दुपारी त्याच्या मागावरून आपली मेंढरं हाकते आणि टापांचे ठसे पुसून टाकते. हा प्रसंग लिहून मी स्वतःवरच खूश होते. पुढची अर्धी कादंबरी त्यावर उभी होती.

बानं सगळं ऐकलं. म्हणाला, "झ्याक लिवलंय, माय. पर ही मेंढरं कुणाची?"

"कुणाची म्हणजे? त्या बाईची."

"धनगराची नायत. भर उन्हात मेंढरू चालतं व्हय? एकमेकांच्या पोटाखाली मुंडकी घालून उभी राहतेत. मारलं तरी हालत नायत."

असा राग आला! "अरे, कादंबरी आहे ती, बा!"

"आसंल," म्हणाला आणि कुशीवर वळला.

चार वर्षं मी जुनी दप्तरं चाळली. तोफेची दारू, खोगिराचे पट्टे, सगळं तपासलं. मेंढरांचं काय तपासायचं? मी तर धनगराचीच पोर! वसतिगृहात जाईपर्यंत दर उन्हाळ्यात तो घोळका या डोळ्यांनी पाहिला होता. काखेत कळसा नि गावाला वळसा. लाज वाटली, लई लाज वाटली.

प्रकाशकांना फोन लावला, म्हटलं, छपाई थांबवा, मेंढरांचा प्रसंग चुकलाय, पुन्हा लिहायचाय. ते म्हणाले, "अहो मॅडम, वाचकाला काय कळतंय मेंढराचं?"

"माझ्या बापाला कळतंय ना."

"मग ग्रंथप्रदर्शनाला पुस्तक येणार नाही."

"नाही तर नाही," म्हटलं आणि फोन ठेवला. बोलले ते बोलले.

अर्धी कादंबरी फाडली. मेंढरं पहाटे चालवून पाहिली, तर स्वार पोचायच्या आत जासूद पार, पाठलागच उरेना. पुन्हा फाडलं. तोवर बा गावी गेला होता. रोज फोन करून त्याला छळायचे.

"बा, कुत्रं अंगावर सोडलं तर?"

"आनखी घट्ट व्हतेत."

तिथं मला वाट सापडली. आता धनगरीण घोडा पुढं हुसकावते आणि जासुदाला घोळक्याच्या मधोमध, मेंढरांच्या पायांत आडवा करते. स्वार भाले टोचतात, ओरडतात. जेवढं ओरडतात, तेवढी मेंढरं घट्ट होतात.

दुसऱ्या डोळ्याच्या ऑपरेशनला बा आला, तेव्हा तेच प्रकरण वाचलं. वाचताना त्याचा हात चादरीवरून फिरत होता.

"सुटला का गडी?" त्यानं विचारलं.

"सुटला. आता सांग, ही मेंढरं कुणाची?"

तो डोळे पुसायला लागला. मी ओरडले, "डोळ्याला हात लावू नको, बा!"

त्यानं हात खाली घेतला.

"आपली," म्हणाला. "मी इकली व्हती, तीच."