सांदीवाल्या गुरुजींची बायको

खिळेवाली बोलायला लागली की नव्या माणसाला वाटतं, हिची दाढ दुखतेय. दाढा तिच्या ठणठणीत आहेत. गालात खिळे असतात, बारीक, मूठभर. जिभेने एक खिळा ओठांवर आणायचा, चुंबकाची हातोडी ओठांना टेकवायची, खिळा हातोडीला चिकटतो, आणि ठक्! कापड लाकडावर बसलं. दुसरा खिळा ओठांवर येईपर्यंत उरलेल्या अर्ध्या तोंडाने ती बोलत असते. आणि तिच्या अर्ध्या तोंडाची बरोबरी करणारं पूर्ण तोंड मी अजून पाहिलेलं नाही.

मोडक्या खुर्च्या आणि खचलेले सोफे पुन्हा बसते करायचे, हा तिचा धंदा. वडिलांकडून शिकली. नवरा टेम्पोतून माल आणतो, पोचवतो, आणि मधल्या वेळात टेम्पोतच झोपतो. सून फोम कापते. आमच्या बायकांच्या संघटनेच्या मीटिंगा तिच्याच कारखान्यात होतात, कारण तिथे सगळ्यांना बसायला मिळतं. एखादीच्या खालून स्प्रिंग वर आलेली असते, पण त्याने मीटिंग लवकर संपते.

ती ज्यू आहे. मी नाही. मला धर्म म्हटला की आधी हात कमरेवर जातात, कारण बायकांना गप्प बसवायला सगळ्यात सोपं हत्यार तेच. पण हिच्या लोकांची अभ्यासाची रीत ऐकली आणि माझे हात खाली आले. हे लोक ग्रंथ वाचतात आणि जिथे काही लिहिलेलं नाही तिथे बोट ठेवतात. इथे काय झालं असेल? मग एकजण गोष्ट सांगतो, दुसरा म्हणतो तसं नव्हे, असं. शेकडो वर्षांचे वाद जपून ठेवलेत, हरलेल्याच्या बाजूसकट! आणि एक कडक शिस्त आहे. गोष्ट ज्याने सांगितली त्याचं नाव घेऊनच पुढे सांगायची. आमच्या चळवळीत भाषण एकीने लिहायचं आणि फोटो भलत्याचाच छापून यायचा, त्यामुळे ही शिस्त मला फारच आवडली. फक्त ती जी नावं घेतात ना, ती जवळजवळ सगळी पुरुषांची. बायका गोष्टी सांगतच नव्हत्या असं कुणाला वाटत असेल तर त्याने आपल्या घरात कधी कान दिलेला नाही.

तिचा धाकटा दीर प्रार्थनाघरात शिकवतो. सगळे त्यांना गुरुजी म्हणतात, ती भाऊजी. माणूस सरळ. फक्त चेहरा कायम असा, की आत्ता आणखी एक संदर्भ आठवला. तर झालं काय, प्रार्थनाघराचे अध्यक्ष, हे चष्म्याचं दुकान चालवतात, ते एका संध्याकाळी खुर्चीवर बसले आणि बसता बसता खुर्चीच्या आतच गेले. दोघांनी हात धरून बाहेर काढलं. दुसऱ्या दिवशी खिळेवालीला बोलावणं. एवढ्या खुर्च्या हलवायच्या कुठे? तिने हत्यारं उचलली, सुनेला सोबत घेतलं आणि तिथेच दालनाच्या मागच्या कोपऱ्यात ठाण मांडलं. संध्याकाळी पुढे भाऊजींचा पाठ, मागे हिची ठकठक.

त्या दिवशी पाठात जगबुडीची गोष्ट होती. देवाने सांगितलं म्हणून तारू बांधून वाचला तो माणूस. तारूवाला म्हणू या. भाऊजी सांगत होते, "तारूवाल्याने बायको, मुलगे, सुना आत घेतल्या, जनावरं घेतली, आणि देवाने दार बाहेरून लावलं."

ठकठक थांबली. "भाऊजी, आणि भांडणाचं काय?"

"कुठलं भांडण, वहिनी?"

"एक सासू, तीन सुना, दार बाहेरून बंद. आणि ग्रंथात भांडणाचा एक शब्द नाही? माझ्याकडे सून एकच आहे, दार उघडं आहे, तरी..."

"आई, मला कशाला मध्ये ओढता?" सून म्हणाली.

"तू आहेसच मध्ये. तर भाऊजी, मी सांगते काय झालं. सासूने कामं वाटली. लाडकीला पक्षी, मधलीला गुरं, नावडतीला साप. आठवड्यात काय दिसलं? पक्ष्यांवाली किटकिट करून डोकं उठवतेय. गुरांवाली नाकाला पदर लावून फिरतेय. आणि सापांवाली? गोरीगोमटी, शांत, झोप झालेली! कारण साप बोलत नाहीत. मग सासूने पक्षी नावडतीकडे दिले आणि साप घेतले स्वतःकडे. तारूवर शांतता नांदली ती अशी."

मागच्या रांगेतल्या बायका हसून हसून एकमेकींवर कलंडल्या. भाऊजीही हसले. म्हणाले, "छान हं, वहिनी." आणि पान उलटलं.

हे 'छान' तिच्या जिव्हारी लागलं. दोन दिवस तिने प्रत्येक खिळा भाऊजींच्या डोक्यात मारल्यासारखा मारला. मला म्हणाली, "पोराने भिंतीवर रेघोट्या मारल्या की म्हणतात ना, छान हं, तसं म्हणाला गं मला. कुणी दाढीवाल्याने हेच सांगितलं असतं तर चौकट करून लावलं असतं."

पुढच्या पाठाला ती एका खुर्चीच्या सांदीत कोपरापर्यंत हात घालून बसली होती. सांदीत काय काय निघतं! त्या दिवशी बटणं, कंगवा आणि कुणाची तरी कवळी निघाली होती. पुढे भाऊजी त्या बाईचं सांगत होते, जी जळत्या शहरातून पळताना मागे वळली आणि मिठाचा खांब झाली. म्हणाले, "मोह. मागे राहिलेल्या संसाराचा मोह."

"सांदीवाले गुरुजी वेगळं सांगतात," कोपऱ्यातून आवाज आला.

भाऊजींची मान वर झाली. "कोण?"

"सांदीवाले गुरुजी. जुने. ते म्हणतात, मागून कुणीतरी 'अगं ए' अशी हाक मारली. मागून 'अगं ए' आल्यावर जी वळणार नाही अशी बाई देवाने अजून घडवलेली नाही. आता विचार करायचा तो हा, की हाक मारणारी कोण? म्हणजे त्या आगीत आणखी एक बाई होती, आणि तिला कुणी मोजलंच नाही."

भाऊजींनी खिशातून पेन काढलं. "सांदी... हे गाव का, वहिनी?"

तिच्या तोंडात खिळे होते. तिने मान हलवली. ती हो होती की नाही, हे मान हलवणारीलाच माहीत. भाऊजींनी लिहून घेतलं.

पुढे काय विचारता! सांदीवाले गुरुजी आठवड्याला एक या वेगाने बोलायला लागले. म्हातारपणी मूल होणार हे ऐकून तंबूच्या दाराआड हसलेली बाई का हसली? भाऊजींकडे त्याची चांगली जडजड कारणं होती. सांदीवाल्यांचं म्हणणं, पाहुणे आले, बातमी हिच्या पोटाची, आणि सांगितली कुणाला? नवऱ्याला! "पोट माझं आणि निरोप त्याला. हसेल नाहीतर काय करेल?" ज्या बायका पाठाला डुलक्या काढायला यायच्या त्या पुढच्या रांगेत सरकल्या. भाऊजी दुसऱ्या प्रार्थनाघरात पाठ द्यायला गेले, तिथेही सांदीवाले घेऊन गेले. आणि लोकांची कमाल बघा. एका आजोबांना आठवलं की त्यांच्या आजोबांनी सांदीवाल्यांना पाहिलं होतं. उंच होते म्हणे. अध्यक्षांना वडिलांच्या तोंडून नाव ऐकल्यासारखं वाटलं. आम्ही दोघी कारखान्यात काथ्याच्या ढिगाऱ्यावर लोळून हसलो.

मग एक दिवस तिचं हसू आटलं. शिकवणाऱ्याची उंच पाठीची मोठी खुर्ची तेवढी उरली होती. तिला हिरवी मखमल लावायची होती. अध्यक्ष कारखान्यात आले ते पितळी पाटी घेऊनच. 'सांदीवाले गुरुजी यांचे आसन'. म्हणाले, "मखमल झाली की ही समोर सगळ्यांदेखत बसवायची. तुम्हीच ठोका, बाई. तुमच्या हाताला सफाई आहे."

ते गेले आणि माझं डोकं सटकलं. "गोष्टी तुझ्या, खुर्ची तुझी, आणि नाव त्या नसलेल्या बुवाचं? आणि ठोकायचंही तूच? थांब, मी बायका गोळा करते. प्रार्थनाघरासमोर बसू. घोषणा मी देते..."

"नेत्याबाई, बसा खाली," ती म्हणाली. चिडली की ती मला नेत्याबाई म्हणते. "मी बोलले तर काय होईल? भाऊजींची शोभा होईल. गावभर सांगत फिरलेत. आणि गोष्टी जातील कचऱ्यात. सापांची सासू गुरुजींनी सांगितली तर विद्वत्ता, मी सांगितली तर टिंगल."

"मग ठोक पाटी आणि हो मोकळी."

"हात उचलत नाही गं." पाटी तिने मांडीवर पालथी घातली. "माझी नात उद्या पाठाला जाईल. तिला सांगतील, बाळ, ऐक, सांदीवाले गुरुजी काय म्हणाले. आणि ती घरी येऊन मलाच शिकवेल!"

याच्यावर माझ्याकडे घोषणा नव्हती. फार राग आला मला, घोषणा नसल्याचा.

पाटी बसवायच्या संध्याकाळी मी जाऊन शेवटच्या रांगेत बसले, बाह्या सारून. गरज पडली तर असावं कुणीतरी. खुर्चीवरची चादर काढली. काम असं, की मखमलीला एक सुरकुती नाही. अध्यक्षांनी दोन शब्द सांगायचे होते, त्यांनी दोनशे सांगितले, मग पाटी तिच्या हातात दिली. ती हातोडी घेऊन खुर्चीपाशी गेली. वाकली. आणि सरळ झाली.

"ठोकण्याआधी सांदीवाल्यांचं शेवटचं सांगणं सांगू का?"

"सांगा, सांगा!" बायका ओरडल्या. भाऊजींनी पेन काढलं.

"सांदीवाल्या गुरुजींना बायको होती," ती म्हणाली. "ग्रंथात नाही. नसणारच. हे गुरुजी सकाळी घरातून निघायचे तेव्हा डोकं रिकामं, सभेत पोचायचे तेव्हा भरलेलं. लोक म्हणायचे, काय विद्वान! मधे काय व्हायचं? मधे स्वयंपाकघर होतं. तिथे बायको काम करता करता बोलायची आणि गुरुजी चप्पल घालता घालता ऐकायचे. एक दिवस बायको गप्प बसली. का बसली ते तिचं तिला माहीत. गुरुजी सभेत उभे राहिले, तोंड उघडलं, आणि नुसती हवा आली. लोक म्हणाले, गुरुजी, पुढे? गुरुजी म्हणाले, जरा थांबा, घरी विचारून येतो."

दालन हसलं. दोनच माणसं हसली नाहीत. एक अध्यक्ष, त्यांना संदर्भ हवा होता. आणि दुसरे भाऊजी. त्यांचं पेन कागदावर टेकलेलं होतं आणि कान लाल व्हायला लागले होते.

"हे कुठे आलंय, बाई?" अध्यक्षांनी विचारलं. "कोणी सांगितलं?"

ती भाऊजींकडे बघत राहिली. बोलली असती तर त्यांची सुटका झाली असती, हसून, छान हं म्हणून. मी उठणार होते. देवाशपथ उठणार होते. पण भाऊजीच उठले.

"अध्यक्षसाहेब, सांदी नावाचं गाव नाही," ते म्हणाले. "मी शोधलं नाही. शोधलं तर सापडणार नाही अशी भीती होती, म्हणून शोधलं नाही. सांदीवाले आजवर जे जे म्हणाले ते माझ्या वहिनीने सांगितलंय, या कोपऱ्यातून. आजपासून मी ते तिच्या नावाने सांगणार."

ज्यांच्या आजोबांनी उंच गुरुजी पाहिले होते, ते तावातावाने निघून गेले. अध्यक्षांनी पाटी परत घेतली, चष्मा वर करून वाचली, खाली करून वाचली, आणि कोटाच्या खिशात सरकवली. मागून कुणीतरी टाळी वाजवली. मीच असेन.

"आणि एक," भाऊजी म्हणाले. "गुरुजी जुने म्हणून त्यांच्या शब्दाला मी कधी हात लावला नाही. वहिनीच्या शब्दाला लावणार. तारूच्या गोष्टीत वहिनी साफ चुकली आहे."

माझ्या डोक्याची शीर तटतटली. नाव दिलं आणि त्याच दमात झोडपलं? पण खिळेवालीचा चेहरा बघितला आणि मी होते तिथेच बसले. असा उजेड मी तिच्या तोंडावर मुलाच्या लग्नातही पाहिला नव्हता. तिने ओंजळ धरली आणि गालातले सगळे खिळे तिच्यात थुंकले. आज पूर्ण तोंड लागणार होतं.

"कशी काय चुकले?"

"ग्रंथ काय म्हणतो? बाहेर पडताना आधी तारूवाला, मग मुलगे, मग बायको. तारू तिने चालवलं असतं तर ती पहिली उतरली असती."

"भाऊजी, तुमच्या घरातून लग्नाला निघताना शेवटी कोण निघतं? तुम्ही तर आधीच खाली जाऊन हाका मारत असता. शेवटी निघते ती, जिला गॅस बंद आहे का बघायचं असतं. घर चालवणारी मागेच असते!"

बायकांनी खुर्च्यांचे हात बडवले. नव्या गाद्या, नवे खिळे, सगळं टिकून राहिलं.

भाऊजींनी बोट ओळीवर ठेवलं. आता तेही हसत होते. "पण शेवटी ती नाहीच उतरली. तिच्या मागून सुना उतरल्या. वहिनी, तुमची सासू मधेच आहे."

खिळेवाली ती ओळ बघायला पुढे वाकली. तेवढ्यात कोपऱ्यातून सून उठली. हातात फोम कापायची सुरी होती, ती तिने आधी नीट खाली ठेवली.

"मग गॅस सुनांनी बंद केला," ती म्हणाली. "आणि काका, सापसुद्धा सुनांनीच सांभाळले. सासू नुसती म्हणाली, मी घेते म्हणून."

"हे कोण म्हणतं?" खिळेवाली गर्रकन वळली.

"मी म्हणते, आई."

"भाऊजी, हे लिहायचं नाही!"

"लिहिलं, वहिनी," भाऊजी म्हणाले. "सुनेच्या नावाने."